खेळाचं बिऱ्हाड हलवताना

आज आम्ही स्वयंपाकघरातून उठून पोरांच्या खोलीत चाललोय. खोली म्हणजे काय, वन रूम किचनमधला खिडकीजवळचा तो कोपरा, जिथे कंप्युटर ठेवलाय.

२०२० साली शाळा ऑनलाइन झाल्या तेव्हा आपल्याकडे कितीतरी घरांत कंप्युटर आला. कुणी लॅमिंग्टन रोडवरून जोडून घेतला, कुणी जुना विकत घेतला. शाळा परत सुरू झाल्या, कंप्युटर तसाच राहिला. त्यावर आता मुलांचे खेळ, अकरावीचे फॉर्म, लग्नाचे फोटो आणि आमच्या बचत गटाचे फराळाच्या ऑर्डरींचे हिशोब, सगळं एकत्र नांदतं. मग एक दिवस ऐन दिवाळीच्या तोंडावर हिशोबाची फाइल सेव्ह होत नाही. जागा नाही म्हणतो. उघडून बघावं तर सी ड्राइव्ह लाल झालेली आणि शेजारची डी ड्राइव्ह जवळजवळ रिकामी.

आमच्यातल्या एकीच्या घरी हेच झालं. तिथे आमचं जे चुकलं ते सांगायलाच आज आलोय.

आधी सी आणि डी म्हणजे काय ते बघू. बऱ्याच कंप्युटरमध्ये दोन डिस्क असतात. एक एसएसडी, लहान पण चपळ; तिच्यावर विंडोज असतं, तीच सी. दुसरी जुन्या पद्धतीची हार्ड डिस्क, मोठी पण संथ, ती डी. दुकानदार २५६ जीबी सांगतो आणि कंप्युटर २३८ दाखवतो, त्यात फसवणूक नाही, मोजण्याच्या दोन पद्धती आहेत. पण खेळ टाकताना पोरं नेक्स्ट, नेक्स्ट दाबत जातात आणि सगळं सीवर जाऊन बसतं. आणि हे खेळ काही लहान राहिलेले नाहीत. वीसेक वर्षांपूर्वी सायबर कॅफेत मुलं व्हाइस सिटी खेळायची, तो खेळ एक जीबीच्या आत मावायचा. त्याच कंपनीचा जीटीए फाइव्ह २०१५ मध्ये पीसीवर आला तेव्हा त्याला ६५ जीबी जागा लागत होती.

आईचा पहिला विचार असतो, काढून टाक. आमचाही तोच होता. पण ६५ जीबी परत उतरवायचे म्हणजे काय ते हिशोब करून बघा. मोबाइलचा रोजचा दीड जीबी डेटा सगळा त्यालाच दिला तरी ४४ दिवस. घरी ५० एमबीपीएसचं ब्रॉडबँड असलं तरी तीन तास, तेही मधे काही तुटलं नाही तर. म्हणून पोरगं "काढू नको गं" म्हणून हात धरतं, तेव्हा त्यात थोडं तथ्य असतं. काढायचं नाही, हलवायचं.

आता हलवणं. आपल्यापैकी किती जणी परळ-लालबागहून, गिरगावातून इकडे राहायला आल्या! भांडीकुंडी टेम्पोत घातली आणि नालासोपाऱ्याला, विरारला उतरवली. पण तेवढ्यानं बिऱ्हाड हललं का? रेशनकार्ड जुन्या पत्त्यावर, गॅस जुन्या पत्त्यावर, पोस्टमन तिकडेच पत्र टाकतोय. खेळाचं तसंच आहे. खेळाचं फोल्डर कट करून डीवर पेस्ट केलं की सामान हलतं, पण विंडोजच्या वहीत आणि खेळ चालवणाऱ्या लाँचरकडे पत्ता जुनाच राहतो. डेस्कटॉपवरचं चित्र दाबलं की ते जुन्या घराचं दार वाजवतं आणि कुणी नाही म्हणून परत येतं.

म्हणून पत्ता बदलणाऱ्याकडूनच सामान हलवून घ्यायचं. खेळ स्टीमवरचा असेल तर काम सोपं. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये स्टोरेज आहे, तिथे आधी डी ड्राइव्ह जोडायची. मग खेळाच्या नावावर उजवं बटण, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे मूव्ह इन्स्टॉल फोल्डर. झालं. मायक्रोसॉफ्ट स्टोअरवरून घेतलेला असेल तर विंडोजच्याच सेटिंग्जमध्ये अ‍ॅप्सच्या यादीत खेळासमोरच्या तीन टिंबांवर मूव्ह मिळतं. एपिकसारख्या लाँचरमध्ये असं बटण सापडलं नाही तर थोडी युक्ती लागते: खेळाच्या फोल्डरची कॉपी दुसरीकडे ठेवायची, लाँचरमधून खेळ काढायचा, डीवर नव्यानं इन्स्टॉल सुरू करायचा, दोन-तीन टक्के झाले की थांबवायचा, मग नव्या फोल्डरमध्ये ती जुनी कॉपी टाकायची आणि पुढे चालू करायचा. तो आहेत त्या फाइली तपासून घेतो, सगळं पुन्हा उतरवत नाही.

व्हॅलोरंट खेळणाऱ्या मुलांच्या आयांसाठी एक सांगतो. त्याच्याबरोबर व्हॅनगार्ड नावाचा एक राखणदार येतो, तो सीवरच राहतो. त्याला हलवायला जाऊ नका.

आता आमची चूक. आमच्या मैत्रिणीकडे ओळखीचा एक मुलगा आला. त्यानं जीटीए कट करून डीवर टाकला, फोटो डीवर, आमच्या हिशोबाच्या फाइली डीवर. माइनक्राफ्टही डीवरच दिसत होता, कारण तो पोरानं मुळातच तिथे टाकला होता. मग तो मुलगा म्हणाला, "काकू, सी फॉरमॅट करतो, एकदम नवा होईल. खेळ सगळे डीवर आहेत." आम्ही तिघी तिथेच होतो, चहा घेत. आम्हीच म्हटलं, कर.

माइनक्राफ्ट ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी: त्यात मारामारी फारशी नाही, ठोकळ्यांनी बांधायचं असतं. मैत्रिणीचा मुलगा आणि त्याची मोठी बहीण, दोघांनी टाळेबंदीत मिळून वसईचा किल्ला बांधायला घेतला होता. भुई दरवाजा, दर्या दरवाजा, आतल्या पडक्या चर्चच्या कमानी, चिमाजी आप्पांचा पुतळा. नंतर बहीण शिकायला हॉस्टेलवर गेली, तरी सुट्टीत आली की दोघं बसायची. एकेका कमानीसाठी त्यांनी रविवारी किल्ल्यात जाऊन फोटो काढले होते.

नवं विंडोज आलं. स्टीम टाकलं. जीटीएचं फोल्डर बरोबर जागेवर ठेवलं, त्याच ड्राइव्हवर इन्स्टॉल दाबलं, त्यानं जुन्या फाइली ओळखल्या आणि अर्ध्या तासात खेळ सुरू. आम्ही खूश. मग मुलानं माइनक्राफ्ट उघडला. जगांची यादी रिकामी.

त्याला आधी कळेना. मग तो उठून गॅलरीत जाऊन उभा राहिला. जेवला नाही. रात्री बहिणीला फोन कुणी करायचा यावरून घरात दोन तास गेले. शेवटी आईनंच केला.

झालं होतं असं. खेळ एक आणि खेळाची सेव्ह दुसरी. खेळ डीवर असला तरी मूल जे खेळलंय, बांधलंय, जिंकलंय, ते बहुतेक वेळा सीवरच साठतं, आपल्याला न विचारता. जीटीए फाइव्हची सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये रॉकस्टार गेम्सच्या फोल्डरात असते. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची जगं अ‍ॅपडेटा नावाच्या लपलेल्या फोल्डरात, त्यात डॉट माइनक्राफ्ट, त्यात सेव्हज. ६५ जीबीचा खेळ, जो कधीही परत उतरवता आला असता, तो आम्ही जपून हलवला. काही शे एमबीचा किल्ला, जो जगात दुसरीकडे कुठेही नव्हता, तो पुसला. कंप्युटरवाल्याकडे नेला, पण एसएसडीवरचं पुसलेलं हार्ड डिस्कसारखं शोधून काढता येत नाही. फॉरमॅट झाल्यावर ती रिकाम्या झालेल्या जागा स्वतःच साफ करून टाकते. त्यानं हात टेकले.

तेव्हा हलवण्याआधी मुलाला शेजारी बसवा आणि त्याला विचारा, यातलं तुझं काय आहे? खेळ नाही, तुझं. मग ते आधी कॉपी करा. विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, पर्सेंटचं चिन्ह, अ‍ॅपडेटा, परत पर्सेंट असं लिहून एंटर. डॉट माइनक्राफ्ट दिसेल. त्यातलं सेव्हज पेनड्राइव्हवर घ्या, डीवरही एक ठेवा. स्टीमचे बरेच खेळ सेव्ह इंटरनेटवरही ठेवतात, पण सगळे नाही; ते खेळाच्या प्रॉपर्टीजमध्ये बघून घ्या. स्टोअरवरून घेतलेला माइनक्राफ्ट असेल तर तो अनइन्स्टॉल करतानाच जगं जाऊ शकतात, तिथे दुप्पट सावध.

कॉपी करा म्हणतो, कट नाही. विशेषतः पावसाळ्यात. २०१८ च्या जुलैत वसई पाण्यात होती तेव्हाची वीज आठवते ना? तेवढं नाही झालं तरी पाच मिनिटांसाठी दिवे जाणं आपल्याला काही नवीन नाही. ६५ जीबी साध्या हार्ड डिस्कवर जायला दहा-पंधरा मिनिटं तरी लागतात, जुन्या यूएसबी पोर्टातून बाहेरच्या डिस्कवर अर्धा तास, बारीक फाइली फार असतील तर जास्तच. आकाश गडगडत असेल तर दुसऱ्या दिवशी करा. नवीन जागी खेळ उघडला, मुलानं त्याची सेव्ह पाहिली, मगच जुनी प्रत पुसायची. पेनड्राइव्हवर मोठी फाइल जात नसेल, जागा असूनही नको म्हणत असेल, तर तो पेनड्राइव्ह फॅट ३२ पद्धतीचा असणार. त्यावर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही.

डीवर गेलेला खेळ उघडायला जास्त वेळ घेईल, मुलं कुरकुर करतील. जुन्या खेळांना चालतं. स्टारफिल्डसारखे अलीकडचे काही खेळ मात्र एसएसडीच मागतात, ते सीवर राहू द्या आणि बाकीचे हलवा. सीवर पंधरा-वीस जीबी कायम मोकळी असली की विंडोजचे अपडेटही अडत नाहीत आणि आमच्या फराळाच्या फाइलीही.

त्या दोघा भावंडांचं विचाराल. बहिणीच्या फोनमध्ये किल्ल्याचे स्क्रीनशॉट सापडले, तीसेक. दिवाळीच्या सुट्टीत ती आली तेव्हा त्यांनी भुई दरवाजापासून पुन्हा सुरुवात केली. आम्ही चकल्या पॅक करत होतो आणि ती दोघं कमानीत किती ठोकळे होते यावरून भांडत होती. सेव्हजची एक प्रत आता आमच्या गटाच्या हिशोबाच्या पेनड्राइव्हवर असते. दर महिन्याला हिशोब उतरवताना त्यांचा किल्लाही उतरवतो.