नरक्या, निम्मो आणि श्रेयाचा हिशेब

(चंदगड येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



अर्थशास्त्र शिकविण्यात आयुष्य घालविलेल्या माणसाने झाडाझुडपांच्या लॅटिन नावांवर बोलावे, यात औचित्य काय, असा प्रश्न आपल्यापैकी काहींच्या मनात आला असेल. श्रम कोण करतो आणि त्याचा लाभ कोणाच्या पदरी पडतो, हा आमच्या शास्त्राचा मूळ प्रश्न आहे. लाभ केवळ पैशाचाच नसतो. श्रेय हाही एक लाभ आहे आणि त्याची वाटणीही बहुधा विषमच होते. वनस्पती व प्राणी यांची शास्त्रीय नावे म्हणजे या श्रेयवाटपाची पावणेतीनशे वर्षांची छापील खतावणी आहे. ती आपण उघडून पाहावी, एवढाच माझा हेतू आहे.

प्रारंभ घरातूनच करू. दसऱ्याला आपण आपट्याची पाने सोने म्हणून वाटतो. त्या आपट्याचे शास्त्रीय नाव बौहिनिया रॅसिमोसा. जां आणि गास्पार बोहँ हे दोघे भाऊ सोळाव्या-सतराव्या शतकांतले नामांकित वनस्पतिशास्त्रज्ञ. जोडपानासारखे दिसणारे हे दुभंगलेले पान दोघा भावांना शोभेल, म्हणून लिनीअसने त्यांचे नाव या प्रजातीला दिले. आपल्या आमटीतले कोकम म्हणजे गार्सिनिया इंडिका. यातला गार्सिन हा डच ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतला वैद्य. मेंदी म्हणजे लॉसोनिया. हा लॉसन लिनीअसचा स्कॉटिश डॉक्टर मित्र. दारातला चाफा म्हणजे प्लुमेरिया; प्लुमिए हा फ्रेंच धर्मोपदेशक व वनस्पतिशास्त्रज्ञ. आपल्या सणात, स्वयंपाकात आणि लग्नघरात ही मंडळी केव्हाच येऊन बसली आहेत. आपली त्यांच्याशी ओळख झालेली नाही, इतकेच.

ही पद्धत रूढ केली ती स्वीडनच्या कार्ल लिनीअसने. वनस्पतींसाठी १७५३ आणि प्राण्यांसाठी १७५८ सालचा त्याचा ग्रंथ प्रमाण मानला जातो. प्रत्येक सजीवाला दोन शब्दांचे नाव असते: पहिला शब्द प्रजातीचा, दुसरा जातीचा. (‘जाती’ हा शब्द येथे जीवशास्त्राच्या अर्थाने घ्यावा, आपल्या समाजाला छळणाऱ्या जातीशी त्याचा संबंध नाही.) व्यक्तीचा गौरव करावयाचा तर तिच्या नावाला लॅटिन प्रत्यय लावतात. पुरुषासाठी सामान्यतः ‘ई’, स्त्रीसाठी ‘ए’, किंवा विशेषण करून ‘आना’. स्वतःचे नाव स्वतःच देऊ नये, असा संकेत आहे; मित्राने किंवा शिष्याने मात्र द्यावे. आणि नाव नेहमी गौरवासाठीच दिले जाते असेही नाही. सीगेसबेक नावाच्या गृहस्थाने लिनीअसवर कठोर टीका केली होती. त्याचे नाव लिनीअसने एका चिकट, क्षुद्र तणाला देऊन ठेवले. विद्वानांचे रागलोभ आपल्यासारखेच असतात.

हिंदुस्थानात ही पद्धत आली ती कंपनी सरकारच्या अधिकाऱ्यांबरोबर. त्यांच्यात खरे अभ्यासू लोक होते, हे प्रथमच मान्य केले पाहिजे. परंतु नाव देण्याची सत्ता आणि राज्य करण्याची सत्ता एकाच वर्गाच्या हाती होती, हेही नाकारता येत नाही. जुन्नरच्या डोंगरकड्यांवर एक मांसल खोडाची, लहान जांभळट-तांबड्या फुलांची वनस्पती आढळते. आपल्याकडे तिला शिंदळ माकुडी म्हणतात. ती महाराष्ट्राबाहेर कोठेही नैसर्गिकरीत्या सापडत नाही. मुंबई सरकारच्या जंगलखात्याचे अधिकारी डॅलझेल यांनी १८६० नंतरच्या दशकात तिला ‘फ्रेरिआ इंडिका’ हे नाव दिले. सर बार्टल फ्रेअर हे तेव्हा, म्हणजे १८६२ ते १८६७ या काळात, मुंबईचे गव्हर्नर होते. हेच फ्रेअर पुढे दक्षिण आफ्रिकेत हायकमिशनर झाले आणि त्यांनी दिलेल्या निर्वाणीच्या खलित्यामुळे १८७९ चे झुलू युद्ध पेटले. शास्त्रज्ञांनी पुढे या वनस्पतीचे वर्गीकरण बदलले. ‘फ्रेरिआ’ ही प्रजाती गेली, परंतु ‘फ्रेराय’ हा शब्द जातिनाम म्हणून उरला. संस्थाने खालसा झाली, साम्राज्य गेले, आणि गव्हर्नरसाहेब मात्र जुन्नरच्या कड्यावर मुक्कामाला आहेत!

आता आपल्या भागाकडे येऊ. चंदगड-आंबोलीकडच्या जंगलात नरक्याचे झाड आपणांपैकी अनेकांनी पाहिले असेल. दुर्गंधीमुळे लोकांनी त्याला नरक्या म्हटले. शास्त्रज्ञांनीही एकेकाळी त्याला ‘फीटिडा’, म्हणजे दुर्गंधी, हेच विशेषण दिले होते. लोकांचे निरीक्षण आणि शास्त्राचे निरीक्षण येथे एकमताचे होते. पण त्याआधी, १८३९ साली, जॉन ग्रॅहॅम यांनी मुंबई इलाख्यातील वनस्पतींची सूची छापावयास घेतली होती. ग्रॅहॅम हे पोस्ट खात्यातले वरिष्ठ अधिकारी. सूची पुरी होण्यापूर्वीच ते वारले आणि ती पुरी केली निम्मो नावाच्या त्यांच्या सहकाऱ्याने. या सूचीत ग्रॅहॅम यांनी नरक्याला निम्मोंचे नाव दिलेले होते. शास्त्राचा नियम असा की, जे नाव रीतसर प्रथम छापले गेले त्याचा अग्रहक्क. या नियमाने मॅबर्ली या वनस्पतिशास्त्रज्ञाने १९८० साली जुने नाव पुन्हा रूढ केले आणि नरक्या झाला ‘नोथापोडायटिस निम्मोनियाना’. निम्मोंनी कष्ट केले नाहीत असे मी म्हणत नाही. मला एवढेच दाखवावयाचे आहे की अग्रहक्क छापण्याला आहे, ओळखण्याला नाही. झाड ओळखून त्याला शेकडो वर्षे नरक्या म्हणणाऱ्यांचा हक्क या वहीत नोंदताच येत नाही.

हा प्रश्न नुसत्या मानापमानाचा असता तर मी आपला वेळ घेतला नसता. १९६६ साली अमेरिकेत मन्रो वॉल आणि मनसुख वाणी या दोन रसायनशास्त्रज्ञांनी एका चिनी वृक्षापासून कॅम्प्टोथेसिन नावाचे द्रव्य वेगळे केले. हे वाणी मूळचे आपल्या नंदुरबारचे. चिनी भाषेत त्या झाडाला आनंदाचे झाड म्हणतात. १९७२ साली गोविंदाचारी आणि विश्वनाथन यांनी तेच द्रव्य आपल्या नरक्यात असल्याचे दाखविले. त्या द्रव्यापासून बनविलेल्या दोन औषधांना १९९६ साली अमेरिकेत मान्यता मिळाली आणि कर्करोगाच्या उपचारात ती आजही वापरली जातात. चीनचा आनंद आणि सह्याद्रीचा नरक यांत रसायन एकच निघाले.

त्यानंतर सह्याद्रीत नरक्याची जी तोड आणि चोरटी वाहतूक झाली ती आपणांस ठाऊक आहे. द्रव्य सालीत, खोडात आणि मुळांत असल्यामुळे फांदी तोडून भागत नाही, झाडच जाते. तोडतो कोण? ज्याला हंगामाबाहेर काम नाही तो. पकडला जातो कोण? बहुधा तोच. औषधाच्या किमतीत जे मूल्य दिसते त्यात त्याच्या मजुरीचा हिस्सा किती, हे अर्थशास्त्राच्या पदवीशिवायही कळते. साखळीच्या एका टोकाला श्रेय आहे, दुसऱ्या टोकाला नफा आहे. आणि मधल्या माणसाच्या वाट्याला फक्त पंचनामा आहे.

जाणकार स्थानिक माणसाला नोंदीत स्थान देणे अशक्य होते काय? मुळीच नाही. सतराव्या शतकात मलबारचा डच सुभेदार व्हॅन ऱ्हीड याने ‘हॉर्टस मलबारिकस’ हा बारा खंडांचा ग्रंथ करविला. तो ॲमस्टरडॅमला १६७८ ते १६९३ या काळात छापला गेला. त्यात इट्टी अच्युतन या ईळवा वैद्याचे, तसेच रंग भट, विनायक पंडित आणि आपू भट या तिघा कोंकणी वैद्यांचे प्रमाणपत्र आहे; कोंकणी प्रमाणपत्र तर नागरी लिपीतच छापलेले आहे. पुढे ऱ्हीडच्या नावाची प्रजाती लिनीअसनेच केली. अच्युतनच्या नावाची प्रजाती होण्यास एकोणिसावे शतक अर्धे उलटावे लागले. आणि ज्यांनी रानात हिंडून पाने-फुले गोळा केली त्या माणसांची नावे कोठेच नाहीत. तरीही साडेतीनशे वर्षांपूर्वी एका वसाहतवादी अधिकाऱ्याला जे जमले, ते त्यानंतरच्या पुष्कळांनी केले नाही, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

आज जगभर या नावांविषयी वाद चालू आहे. स्लोव्हेनियातील गुहेत सापडलेल्या एका आंधळ्या भुंगेऱ्याला १९३७ साली हिटलरचे नाव देण्यात आले. ते आजही कायम आहे. प्राण्यांच्या नामकरणाची आंतरराष्ट्रीय समिती म्हणते की, नावांचे स्थैर्य महत्त्वाचे. नीतीच्या कसोटीवर जुनी नावे बदलत बसलो तर शास्त्रव्यवहारच कोलमडेल. वनस्पतिशास्त्रज्ञांनी मात्र जुलै २०२४ मध्ये माद्रिद येथे ३५१ विरुद्ध २०५ मतांनी आफ्रिकी जनतेला अवमानकारक असलेला ‘कॅफ्रा’ हा शब्द बदलून ‘आफ्रा’ करण्याचे ठरविले. म्हणजे माणसांनी केलेले नियम माणसांना बदलता येतात, हे सिद्ध झाले. दुसरीकडे बाजारही या वहीत शिरला आहे. २००५ साली बोलिव्हियातील एका माकडाचे नाव लिलावात काढले गेले आणि इंटरनेटवर जुगार चालविणाऱ्या एका कंपनीने ते साडेसहा लाख डॉलरला घेतले. पैसा अभयारण्याच्या कामी आला, हे खरे. पण माकडाला जुगारखान्याचे नाव चिकटले, हेही खरे.

आपल्याकडेही नवी नावे पडत आहेत. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यात निःशस्त्र असता प्राण देऊन अतिरेक्याला धरणाऱ्या तुकाराम ओंबळे यांचे नाव २०२१ साली ठाण्याकडच्या एका कोळ्याला देण्यात आले. साताऱ्याकडच्या खेड्यातून आलेला हा पोलीस लॅटिन नामावलीत गेला, याचा मला आनंद आहे. आपल्याच जिल्ह्यात विशाळगडावर सापडलेल्या कंदीलपुष्पाला २०२३ साली शिवरायांचे नाव मिळाले. परंतु मित्रहो, गव्हर्नराच्या जागी आपला थोर पुरुष बसविल्याने वहीची रचना बदलत नाही. फ्रेअरचे नाव पुसावे म्हणून मोर्चा काढण्यास मी आपणांस सांगणार नाही. ते नाव राहू द्यावे. त्यातून इतिहास शिकता येतो. आपली लढाई दुसऱ्या वहीसाठी आहे, आणि ती वही आपल्या ग्रामपंचायतीच्या कपाटात आहे.

२००२ च्या जैविक विविधता कायद्याने प्रत्येक स्थानिक संस्थेत जैवविविधता व्यवस्थापन समिती असावी असे सांगितले. गावातल्या वनस्पती, प्राणी आणि त्यांविषयीचे लोकांचे ज्ञान यांची लोकजैवविविधता नोंदवही करणे हे तिचे काम. माधव गाडगीळ यांच्यासारख्या शास्त्रज्ञांनी ही कल्पना आग्रहाने मांडली. प्रत्यक्षात काय झाले? राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने ३१ जानेवारी २०२० ची मुदत घातली, तेव्हा देशभर घाईघाईने वह्या भरल्या गेल्या. अनेक ठिकाणी ज्यांचे ज्ञान लिहावयाचे त्यांना विचारलेच गेले नाही. त्यात २०२३ च्या दुरुस्तीने संहिताबद्ध पारंपरिक ज्ञानाच्या वापराला लाभवाटपातून सूट मिळाली आणि कायदा मोडणाऱ्याचा तुरुंगवास जाऊन केवळ दंड राहिला. म्हणजे जे अलिखित आहे, गावाच्या तोंडी आहे, तेच आता आपल्या हाती उरले आहे.

केरळातील काणी आदिवासींनी शास्त्रज्ञांना आरोग्यपच्चा नावाची वनस्पती दाखविली आणि तिच्यापासून औषध तयार झाले. तेव्हा १९९० नंतरच्या दशकात परवाना-शुल्क व स्वामित्वधनाचा निम्मा वाटा काणींच्या विश्वस्त संस्थेला देण्याचे ठरले. त्या व्यवहारात पुढे त्रुटी निघाल्या. तरी ज्ञानाला वाटा असतो, हे तत्त्व आपल्या देशात एकदा मान्य झाले आहे. ते नव्याने सिद्ध करावयाचे नाही.

म्हणून तीन कामे सुचवितो. पहिले, प्रत्येकाने आपल्या ग्रामपंचायतीत जाऊन ही नोंदवही पाहण्यास मागावी. ती कोणी भरली, केव्हा भरली आणि तिच्यात नरक्याची नोंद आहे काय, हे विचारावे. दुसरे, ज्या धनगर, गवळी, वैदू, सुईण, गुराखी यांच्याकडून माहिती घेतली जाईल त्यांचे नाव, त्यांची संमती असेल तर, माहितीपुढे लिहिले जावे. आणि जे ज्ञान उघड केल्यास बाहेरचा माणूस ते उचलील, ते गुप्त ठेवण्याचा त्यांचा अधिकार समितीने जपावा. तिसरे, विद्यापीठातून संशोधक येतात, त्यांचे स्वागत करावे, त्यांना वाट दाखवावी. परंतु आपल्या प्रबंधात व निबंधात वाट दाखविणाऱ्याचे नाव त्यांनी घालावे, असे त्यांना आधीच सांगावे. प्रामाणिक संशोधक याला नकार देणार नाही.

लॅटिन वहीत कोणाचे नाव असावे, हे माद्रिदला ठरेल. गावच्या वहीत कोणाचे नाव असावे, हे ठरविण्याचा अधिकार कायद्याने आपल्याला दिलेला आहे. ग्रामसभेची पुढची तारीख लागली की हा विषय पत्रिकेवर घ्यावा, एवढीच माझी विनंती आहे.