ओळखीचा ठेका, नवं दार

इंडोनेशियातलं ‘डांगडुट’ मी प्रथम ऐकलं, तेव्हा ते परकं वाटलंच नाही. तबल्याच्या बोलांवरून पडलेलं हे नाव. चालींत मलय, अरबी सुरांबरोबर आपली हिंदी चित्रपटगीतंही मुरलेली.

पूर्व जावातली इनुल दारातिस्ता लग्नसमारंभांत गायची. तिच्या नाचाच्या चोरट्या व्हीसीडी घरोघर पोचल्या आणि २००३ साली ती देशभर गाजली. ज्येष्ठ गायक ऱ्होमा इरामा यांनी नाचावर जाहीर आक्षेप घेतला. लोकांनी मात्र तिला उचलून धरलं. प्रेक्षक स्वतःच निवड करू लागला होता.

पुढं व्हीसीडीची जागा यूट्यूबनं घेतली. २०११ साली गोरोंतालोतला एक पोलिस शिपाई ‘छैंया छैंया’वर ओठ हलवून रातोरात प्रसिद्ध झाला, कार्यक्रमांच्या धांदलीत ड्यूटी चुकली आणि त्याच वर्षी नोकरी गेली. २०२२ साली रस्त्यावर गाणारा बारा वर्षांचा फारेल प्रायोगा स्वातंत्र्यदिनी थेट राष्ट्राध्यक्षांच्या प्रासादात गायला.

जकार्तातल्या वाहिन्यांची परवानगी आता लागत नाही, याचा मला आनंद आहे. पण पूर्वी दार उघडणारा निदान ओळखीचा असे. आज लाखो अनोळखी हात एखाद्याला उचलतात. ते बाजूला झाले, की त्याला सावरायचं कुणी?