दुर्बीण आणि घागर



गेल्या वर्धापनदिनी मी मंडळाचा जमाखर्च वाचला आणि नारायणगावजवळच्या खोडदची रेडिओ दुर्बीण पाहून आल्याचेही सांगितले. तेव्हा एका भगिनीने विचारले, "उन्हाळ्यात आमच्या वाडीत घागरभर पाणी नाही, सरकारने आभाळावर पैसा का घालावा?" मला उत्तर सुचले नाही. आज देते.

खोडदच्या परिसरात ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या आहेत. डॉ. गोविंद स्वरूप यांनी त्या भरीव पत्र्याऐवजी तारेच्या जाळीच्या केल्या. वजन घटले, खर्चही घटला. म्हणजे काटकसर तिथेही आहे! दुर्बीण वापरायची तर देशी-परदेशी शास्त्रज्ञांना लेखी प्रस्ताव द्यावा लागतो. समिती तो पारखते, मगच वेळ मिळतो.

हिंगोली जिल्ह्यात गुरुत्वलहरी टिपणारी 'लायगो' वेधशाळा उभारण्यासाठी केंद्र सरकारने २०२३ साली २६०० कोटी रुपये मंजूर केले. हा पैसा आपलाच. काडेपेटी घेतानाही आपण कर भरतो.

म्हणून त्या भगिनीचा प्रश्न मला योग्यच वाटतो. ज्ञानही हवे, पाणीही हवे. भिशीच्या चार आण्यांचा हिशेब आपण मागतो, तसाच दुर्बिणीचाही मागावा आणि नळाचाही. मागणाऱ्या बाईला कोणी अडाणी म्हणू नये, एवढेच माझे सांगणे.