तीस जानेवारी आणि आपली गावे

(मंडळाच्या वर्धापनदिनी दिलेले भाषण)



वर्धापनदिनाच्या भाषणाला विषय काय घ्यावा याची चर्चा झाली तेव्हा कोणी आरोग्य सुचविले, कोणी बचत सुचविली. ते विषय मोलाचे खरेच. परंतु त्यांवर माझ्याहून अधिकाराने बोलणाऱ्या बायका आपल्यात आहेत. मी शाळेत इतिहास शिकविला. शाळेच्या पुस्तकात ज्याला जेमतेम चार ओळी मिळतात आणि आपल्या घरांत ज्याविषयी एक ओळही बोलली जात नाही, तो विषय आज मी घेणार आहे. राजकारणासाठी माणसे मारली जातात, तेव्हा मारल्या गेलेल्या माणसाचे काय होते ते वर्तमानपत्रांत येते. मागे राहिलेल्या गावांचे काय होते, हे मला आपल्यापुढे ठेवायचे आहे.

प्रथम एका शब्दाविषयी. आपल्या भाषेत कित्येक वर्षे 'गांधीवध' असा शब्द लोक सर्रास वापरीत आले आहेत. वध कोणाचा होतो? कंसाचा होतो, कीचकाचा होतो, महिषासुराचा होतो. प्रार्थनेला निघालेल्या, अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या, दोन मुलींच्या खांद्यांवर हात ठेवून चालणाऱ्या म्हाताऱ्याचा वध होत नाही, खून होतो. मी खूनच म्हणणार. कोणाला शब्द कडू वाटला तर वाटो.

३० जानेवारी १९४८, शुक्रवारची संध्याकाळ. दिल्लीच्या बिर्ला भवनात नथुराम गोडसे याने महात्मा गांधींवर तीन गोळ्या झाडल्या. त्याआधी दहाच दिवस, २० जानेवारीला, त्याच आवारात मदनलाल पाहवा याने स्फोट घडविला होता. म्हणजे इशारा मिळाला होता. त्या रात्री आकाशवाणीने बातमी देताना मारेकरी हिंदू आहे हे मुद्दाम सांगितले. ते सांगितले नसते तर फाळणीच्या जखमा ओल्या असलेल्या देशात मुसलमान वस्त्यांवर काय गुदरले असते याची कल्पना करवत नाही. त्या एका वाक्याने हजारो जीव वाचले असे माझे मत आहे. पण महाराष्ट्रात त्यापुढचा प्रश्न लगेच निघाला: हिंदू, तर कोणता हिंदू? नाव कळले, आडनाव कळले, आडनावावरून जात कळली. आणि मग पुण्यामुंबईपासून कोल्हापूर, सांगली, सातारा या मुलखात ब्राह्मणांच्या घरांवर जमाव चालून गेले. मुंबईत सावरकरांचे बंधू डॉ. नारायणराव यांच्यावर दगडफेक झाली. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांचा स्टुडिओ जळाला. आणि आपल्या या भागातल्या खेड्यापाड्यांतून, जिथे गोडसे हे नाव त्या दिवसापर्यंत कोणी ऐकलेही नव्हते, तिथे वाडे पेटले.

भगिनींनो, हा कोणता जिल्हा होता याचा विचार करा. तेव्हा कडेगाव सातारा जिल्ह्यात होते. दक्षिण सातारा १९४९ साली झाला आणि त्याचे नाव सांगली १९६० साली पडले. याच जिल्ह्याने १९४२ साली तासगावच्या कचेरीवर हजारोंचा मोर्चा शांतपणे नेला. ९ सप्टेंबर १९४२ ला वडूजला आणि दुसऱ्या दिवशी इस्लामपूरला गोळ्या झेलल्या. क्रांतिसिंह नाना पाटलांचे प्रतिसरकार इथलेच. त्यांच्या कन्या हौसाताई आपल्याच तालुक्यात, हणमंतवडियेस नांदल्या आणि २०२१ साली गेल्या, त्यांना आपल्यापैकी कित्येकींनी पाहिले आहे. गांधीबाबाच्या नावाने तुरुंगात जाणारी गावे ही. मग सहाच वर्षांनी त्याच नावाने शेजाऱ्याच्या घराला चूड कशी लागली?

याचे उत्तर मी ग्रंथांत पुष्कळ शोधले. व्यंकटेश माडगूळकरांची 'वावटळ' ही कादंबरी या जळिताविषयी आहे. ते आटपाडीजवळच्या माडगूळचे, ती जरूर वाचावी. परंतु मला जे कळले ते माझ्या सासूबाईंकडून. त्या आता हयात नाहीत. त्यांचे माहेर या भागातल्या एका खेड्यात. गावाचे नाव घेत नाही, कारण दोन्हीकडची नातवंडे अजून नांदती आहेत. आम्ही मराठे, सासूबाई तेव्हा बारा वर्षांच्या होत्या. गावात ब्राह्मणाचे एकच घर, कुलकर्ण्यांचा वाडा.

त्या सांगायच्या, "दिवस कलला आन् वेशीकडनं कालवा ऐकू आला. आईनं भाकरी तव्यावर तशीच टाकली आन् परड्यातनं वाड्याच्या मागच्या दाराला गेली. काकीला, तिच्या सुनंला आन् तान्ह्या पोराला घिऊन आली. गोठ्यात वैरणीच्या मागं बसवलं. मला म्हणाली, दारात बस आन् शेंगा फोड. कुणी इचारलं तर आई रानात गेलीया म्हण."

जमावात परगावचे लोक होते तसे गावचेही होते. सासूबाईंचा थोरला भाऊ त्यात होता. म्हणजे आई गोठ्यात काकींना लपवीत होती आणि मुलगा वाड्यासमोर उभा होता, एकाच घरातले. सासूबाई म्हणत, जमावाने आत शिरताच पहिल्यांदा काय मागितले असेल तर वह्या. देण्याघेण्याच्या वह्या, खते, कुळांचे कागद. ते अंगणात टाकून आधी पेटविले आणि मग वाडा. गांधीजींचे नाव तोवर कोणाच्या तोंडी उरले नव्हते.

रात्री भाऊ घरी आला तो एक पितळी घागर घेऊन. आईने ती उंबऱ्याच्या आत येऊ दिली नाही. ती गोठ्यातच पडून राहिली, जनावरांना पाणी दाखवायला वापरीत. काकी पहाटे बैलगाडीतून, अंगावर आमच्या घरचे लुगडे घेऊन, स्टेशनाकडे गेल्या. पुढे काही वर्षांनी जमिनीच्या कागदांसाठी त्या एकदा गावात आल्या, आमच्या घरी चहा घेतला, घागर गोठ्यात दिसली तरी बोलल्या नाहीत. सासूबाईंच्या आईही बोलल्या नाहीत. आणि मायलेकांत त्या रात्रीविषयी मरेपर्यंत शब्द निघाला नाही. हे सांगताना सासूबाईंचा आवाज बारीक व्हायचा. भाऊ पुढे चांगला संसारी माणूस झाला, गावच्या सोसायटीत होता, लोकांच्या अडीनडीला धावत असे. हेही त्या आवर्जून सांगत.

मी हे सांगते आहे ते कोणाच्या कुळीला बट्टा लावण्यासाठी नव्हे. सावकारी होती, कुळांची गळचेपी होती, गावकामगाराच्या लेखणीने पुष्कळांच्या जमिनी फिरविल्या होत्या. तो राग खोटा नव्हता. पण त्या रागाचे औषध दुसरीकडे तयार होत होते. कुळवहिवाटीचा कायदा त्याच १९४८ साली झाला, आणि पुढे दुरुस्ती होऊन १ एप्रिल १९५७ या कृषकदिनापासून कसणारा जमिनीचा मालक ठरू लागला. त्यासाठी एकही वाडा जाळावा लागला नाही. उलट ज्या दिवशी वह्या जळाल्या त्या दिवशी कोणाचेही कर्ज खऱ्या अर्थाने फिटले नाही. आणि एक तोटा असा झाला की ज्याचा हिशेब कोणी मांडला नाही. खेड्यातला मास्तर गेला, वैद्य गेला, पोथी सांगणारा गेला. आणि त्याच्याबरोबर ज्याच्याशी भांडता येईल असा शेजारीही गेला. पुण्यामुंबईच्या चाळींत ही कुटुंबे राहिली, शिकली, वर आली, परदेशीही गेली; त्यांच्या घरांत या आठवणी एका तऱ्हेने सांगितल्या गेल्या, आपल्या घरांत सांगितल्याच गेल्या नाहीत. त्यामुळे आज एखादा तरुण खुन्याच्या तसबिरीला हार घालतो आणि दुसरा एखादा 'तुम्हांला तेव्हा जाळले तेच बरे' असे म्हणतो, तेव्हा दोघांनाही त्या रात्रीचे काही ठाऊक नसते.

खटला लाल किल्ल्यात चालला. १० फेब्रुवारी १९४९ ला निकाल झाला, आणि गोडसे व नारायण आपटे यांना १५ नोव्हेंबर १९४९ ला अंबाल्याच्या तुरुंगात फाशी झाली. पण इशारा असूनही खून का टळला नाही, हा प्रश्न बराच काळ तसाच राहिला. १९६४ साली सुटून आलेल्या आरोपीच्या सत्काराला पुण्यात समारंभ झाला, त्यात काही बोलले गेले आणि पुन्हा चौकशी निघाली. न्यायमूर्ती जीवनलाल कपूर यांचा आयोग नेमला गेला तो नोव्हेंबर १९६६ मध्ये, आपल्या देवराष्ट्राचे यशवंतराव चव्हाण देशाचे गृहमंत्री असताना; अहवाल १९६९ साली आला. मुंबईच्या एका प्राध्यापकांनी, जगदीशचंद्र जैन यांनी, स्फोटानंतर आपल्याला जे माहीत होते ते मंत्र्यांना सांगितले होते. हे सर्व त्या अहवालात आहे. आयोगाने दिल्लीमुंबईच्या पोलिसांचे काम तपासले. पण आपल्या मुलखातल्या गोठ्यांत त्या रात्री कोण लपले होते हे शोधायला कोणी आले नाही.

असे खून आपल्याकडे त्यापूर्वीही झाले होते. २२ जून १८९७ च्या रात्री चाफेकर बंधूंनी पुण्यात रँड व आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या. ती परकी सत्ता होती, प्लेगच्या बंदोबस्तातला जुलूम होता, म्हणून त्याचा न्याय आपण वेगळा करतो. पण एका घरातले तीन भाऊ फासावर गेले, टिळकांना अठरा महिन्यांची शिक्षा झाली, आणि १८९८ साली राजद्रोहाचे कलम आणखी कडक झाले. तो कायदा इंग्रज गेल्यावरही आपल्या मानेवर राहिला. फार दूर जायचे तर युरोपात २८ जून १९१४ ला सारायेव्हो गावी एका राजपुत्राला आणि त्याच्या पत्नीला मारले, आणि त्यातून पेटलेल्या लढाईत आपल्या साताऱ्याच्या अपशिंग्याचे जवान मेले. त्यांच्या बायकांनी सारायेव्हो हे नाव तरी ऐकले असेल का!

बायकांचे नाव निघाले म्हणून सांगते. ५ जून १९७० ला मुंबईत लालबागला कम्युनिस्ट आमदार कृष्णा देसाई यांचा खून झाला. पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी सरोजिनीबाई उभ्या राहिल्या. नवरा गेल्याला काही महिनेच झालेले, आणि ही बाई गिरणगावात मते मागत फिरते आहे. त्या थोडक्या मतांनी हरल्या, आणि शिवसेनेचा पहिला आमदार विधानसभेत गेला. मुंबईच्या कामगारांचे राजकारण त्यानंतर निराळ्या वळणावर गेले असे जाणकार म्हणतात, ते मला पटते. पण सरोजिनीबाईंनी घराला कडी लावून घेतली नाही, याची नोंद आपण बायकांनी ठेवली पाहिजे.

३१ ऑक्टोबर १९८४ ला इंदिराबाई गेल्या तेव्हा मी टीव्हीसमोर बसून होते. मारेकरी शीख अंगरक्षक होते. पुढच्या तीन दिवसांत दिल्लीत जे झाले ते पाहताना सासूबाई म्हणाल्या, "आगं, ह्ये तर आमच्या गावावाणीच हाय." त्यांना दिल्ली कोणीकडे आहे हेही नीट ठाऊक नव्हते. फरक एवढाच की आपल्याकडे मुख्यतः घरे जळाली, तिथे माणसे जाळली. सरकारी आकडा एकट्या दिल्लीचा २,७३३ आहे. तिलक विहार येथील त्यांच्या वसाहतीला लोक विधवा कॉलनी म्हणतात.

आणि अलीकडचे. आपल्या साताऱ्यात जन्मलेले डॉ. नरेंद्र दाभोलकर यांना २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात सकाळी फिरायला गेले असता मारले. कॉम्रेड गोविंदराव पानसरे यांच्यावर १६ फेब्रुवारी २०१५ ला कोल्हापुरात, घराजवळ, गोळ्या झाडल्या. शेजारी उमाताई होत्या, त्याही जखमी झाल्या. चार दिवसांनी पानसरे गेले. जादूटोणाविरोधी कायदा जो कित्येक वर्षे अडून होता त्याचा वटहुकूम दाभोलकरांच्या खुनानंतर आठवड्याच्या आत निघाला. निकालाला मात्र १० मे २०२४ उजाडले: दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष. या वेळी कोणाच्या घरावर दगड पडला नाही. लोक मूकमोर्चे घेऊन निघाले. सासूबाई असत्या तर मी त्यांना हे दाखविले असते. पण भीती मात्र आत शिरली. व्याख्यानाला बोलावलेले पाहुणे 'विषय जरा सौम्य ठेवू या' म्हणतात, हे आपण आपल्या मंडळातही ऐकले आहे.

आपले कडेगाव उंच ताबुतांसाठी सर्वत्र प्रसिद्ध आहे. दीडशे वर्षांहून अधिक काळ हिंदु-मुसलमान घराणी ते एकत्र उभारतात. पाटलांचा मान आहे, देशपांड्यांचा आहे, बागवानांचा आहे. भेटीच्या दिवशी बाहेरगावच्या माणसाला कोणता ताबूत कोणाचा हे सांगावे लागते. सांगतानाच आपल्यालाही अभिमान वाटतो. ज्या गावाला हा अभिमान आहे त्या गावाला त्या रात्रीच्या गोष्टी बोलण्याचे बळही असावे असे मला वाटते.

म्हणून कार्यकारिणीच्या संमतीने मी एक वही घातली आहे. ज्यांच्या आईने, आजीने, सासूने अठ्ठेचाळीस साली जे पाहिले ते सांगितले असेल, मग त्या वाड्यातल्या असोत, वाड्यासमोरच्या असोत, त्यांनी ते लिहून द्यावे. त्या वेळी जाणत्या असलेल्या बायका आता नव्वदीला टेकल्या आहेत. फार थोड्या उरल्या आहेत. आतापर्यंत चौघींनी सांगितले. दर गुरुवारी दुपारी तीन ते पाच मी मंडळाच्या खोलीत असते. ज्यांना लिहिणे जमत नाही त्यांनी सांगावे, मी उतरून घेईन आणि पुन्हा वाचून दाखवीन. नाव नको असेल तर नाव घालणार नाही, गावही घालणार नाही. वही मंडळाच्या कपाटात कुलपात राहील आणि किल्ली अध्यक्षीणबाईंकडे असेल.

आता चहा झाला आहे असे खुणेने सांगत आहेत, तेव्हा रजा घेते.