वऱ्हाडची गांठ आणि ओसाकाचें कापड



दोन दूरच्या देशांमधील राजकीय व आर्थिक संबंध या विषयावर आपण चार शब्द बोलावे अशी सूचना मला आली, तेव्हां प्रथम मी बिचकलोंच. तहनामे, शिष्टमंडळें आणि जकातीचे दर हा माझ्यासारख्या मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या शाळामास्तराचा प्रांत नव्हे. परंतु एक गोष्ट आठवली आणि धीर आला. वर्धा जिल्ह्यांतील एका शाळेंत भूगोल शिकवीत असतांना मी मुलांकडून एक वाक्य पाठ करून घेत असें : जपानांत कापूस पिकत नाहीं, तरी तो देश कापडाच्या व्यापारांत पुढें आला. मागल्या बांकावरच्या एका पोरानें एकदां विचारलें, "गुरुजी, मग त्यांनीं कापूस आणला कुठून?" पुस्तकांतलें उत्तर मीं देऊन टाकलें, कीं अमेरिकेंतून आणि हिंदुस्थानांतून. पण हिंदुस्थानांतून म्हणजे कोठून, हें पुस्तकांत नव्हतें. तें खिडकीबाहेर होतें. शाळेच्या कुंपणापलीकडे पऱ्हाटी उभी होती.

तेव्हां हिंदुस्थान व जपान यांच्यामध्यें १९३३ सालीं कापूस आणि कापड यांवरून जें भांडण जुंपलें, आणि १९३४ सालीं त्याची जी तडजोड झाली, तिच्याविषयीं मी आज बोलणार आहें.

परदेशच्या बाजारांत आपल्या वऱ्हाड-मध्यप्रांताच्या कापसाला 'ऊमरा' म्हणत. हें नांव उमरावतीवरून, म्हणजे आपल्या अमरावतीवरून पडलें. ज्या शहराचें नांव लंडनच्या शिकलेल्या माणसानेंही ऐकलें नसेल, तें ओसाकाच्या दलालाच्या तोंडीं रोज येत असे! हा कापूस आखूड धाग्याचा. लँकेशायरच्या गिरण्यांना तो कधीं मनापासून रुचला नाहीं. अमेरिकेंत १८६१ ते १८६५ पर्यंत यादवी युद्ध चाललें, तेव्हां निरुपाय म्हणून त्यांनीं तो ओढून नेला, आणि युद्ध संपतांच पुन्हां अमेरिकेकडे तोंड फिरविलें. जपानी गिरणीवाल्यांचें तसें नव्हतें. त्यांना जाडें सूत काढावयाचें होतें, आणि आखूड धाग्याचा स्वस्त कापूस लांब धाग्याच्या महाग कापसांत बेतानें मिसळून चांगलें सूत काढण्याची विद्या त्यांनीं साध्य केली होती. माझ्या मतें जपानी धंद्याचें खरें रहस्य या मिश्रणांत होतें. स्वस्त मजुरीचें कारण सर्वजण सांगतात, आणि तें खोटें नाहीं. परंतु ज्या मालाला दुसरा नाक मुरडतो त्याचा उपयोग शोधून काढणें ही कांहीं मजुरीची गोष्ट नव्हे.

या व्यापाराचा एक धागा थेट आपल्या नागपुरांतून गेलेला आहे. जमशेटजी टाटा यांची एम्प्रेस मिल येथें १ जानेवारी १८७७ रोजीं सुरू झाली. नव्या रिंग पद्धतीच्या चात्यांचा प्रयोग हिंदुस्थानांत ज्यांनीं अगदीं आरंभीं केला, त्यांत ही गिरणी होती. आणि पुढें त्याच चात्यांवर जपाननें आपला सारा धंदा उभारला. मुंबईहून पूर्वेकडे जाणाऱ्या मालाचें भाडें त्या वेळीं पी. अँड ओ. वगैरे युरोपियन आगबोट कंपन्यांच्या मुठींत होतें. १८९३ सालीं जमशेटजी स्वतः जपानला गेले व निप्पॉन यूसेन कैशा या जपानी कंपनीशीं त्यांनीं संगनमत केलें. (त्याच प्रवासांत पुढें अमेरिकेस जातांना त्यांना स्वामी विवेकानंदांचा सहवास घडला, पण तो निराळा विषय आहे.) त्याच वर्षीं कोबे आणि मुंबई यांच्यामध्यें जपानी बोटी सुरू झाल्या. युरोपियन कंपन्यांनीं भाडें पाडून पाडून इतकें खालीं आणलें, कीं टाटांना आपल्या भाड्यानें घेतलेल्या बोटी परत कराव्या लागल्या. जपानी कंपनी मात्र टिकली, कारण तिच्यापाठीमागें जपानच्या सूतगिरण्यांचा संघ एकजुटीनें उभा होता. आमच्याकडे टाटांच्या पाठीशीं तशी एकी राहिली नाहीं. हें सांगतांना वाईट वाटतें, पण झालें तें असें.

पुढें जपानी पेढ्यांचीं माणसें मुंबईवर न थांबतां वऱ्हाडच्या बाजारांत येऊन खरेदी करूं लागलीं. १९३० च्या आगेमागें हिंदुस्थानांतून बाहेर जाणाऱ्या कापसापैकीं निम्म्याच्या आसपास कापूस एकट्या जपानकडे जात असे. एवढें मोठें गिऱ्हाईक दुसरें नव्हतें.

आतां भांडणाकडे वळूं. डिसेंबर १९३१ मध्यें जपाननें सोन्याचें चलन सोडलें आणि येनचा भाव धाडकन् उतरला. हुंडणावळ उतरली म्हणजे त्या देशाचा माल परक्या बाजारांत आपोआप स्वस्त होतो. जपानी कापड आपल्याकडे इतक्या स्वस्तांत येऊन पडूं लागलें, कीं मुंबई-अहमदाबादच्या गिरणीमालकांनीं ओरड केली. दिल्लीचें सरकार तेव्हां इंग्रजांचें. त्यानें १९३२ च्या ऑगस्टांत ब्रिटिशेतर कापडावरील जकात शेंकडा ५० केली, आणि जून १९३३ मध्यें ती ७५ वर नेली. विलायतच्या कापडाला २५ च राहिली. येथल्या गिरण्यांना संरक्षण हवें होतें हें खरें. पण त्या छत्रीखालीं लँकेशायरही उभें राहिलें, हेंही तितकेंच खरें. शिवाय १९०४ पासून चालत आलेला जपानशीं व्यापाराचा करार मोडीत काढण्याची सूचनाही सरकारनें देऊन ठेवली होती. जपानी गिरणीसंघाचें उत्तर एका वाक्याचें होतें : हिंदी कापूस यापुढें घ्यावयाचा नाहीं.

त्या वेळचें नागपूरकडचें एखादें घर डोळ्यांपुढें आणा. थोरला भाऊ गांवीं कपाशी करतो, धाकटा गिरणींत खात्यावर आहे. जपानी कापडावर जकात बसली तर धाकट्याचें काम टिकतें; पण जपान रुसला तर थोरल्याची रुई पडून राहते. घरांतली बाई बाजारांत गेली तर तिला स्वस्त जपानी छीट हवें असतें. आणि शेजारचा कोष्टी गिरणीच्या व जपानच्या दोन्ही कापडांना सारखाच शिव्या देतो. एका वाड्यांतलीं हीं चार माणसें. आणि देशाचें हित म्हणून जें कांहीं म्हणतात, तें या चौघांपैकीं कोणाचें?

माझे आजोबा हिंगणघाटाकडे शेती करीत. १९३३ च्या हंगामाला ते "जपान रुसला तें साल" म्हणत. जगभरच्या मंदीनें भाव आधींच मेले होते. त्यांत गिऱ्हाईक नाहीं म्हटल्यावर बाजारांत कापसाची गाडी उभी करून दिवसभर बसावें आणि सांजवेळीं बैल पुन्हां जुंपून घरीं यावें, असें त्यांनीं दोनदां केलें. तिसऱ्या वेळीं मिळेल त्या भावानें माल टाकला. शिमल्याला कांहीं बोलणें चाललें आहे, एवढें गांवांत कानांवर आलें होतें. कोण बोलतो व कोणाच्या वतीनें बोलतो, याचा पत्ता नव्हता.

बोलणें खरोखरच चाललें होतें. सप्टेंबर १९३३ मध्यें सावादा यांच्या नेतृत्वाखालीं जपानी शिष्टमंडळ शिमल्यास आलें. आपल्या बाजूनें व्हाइसरॉयच्या मंडळांतील व्यापारखात्याचे सभासद सर जोसेफ भोर हे पुढारी होते. हे मूळचे नाशिकचे, पुण्यांत शिकलेले. १९४६ सालच्या आरोग्यसमितीच्या अहवालामुळें त्यांचें नांव आज अधिक लोकांना ठाऊक आहे. याच सुमारास लँकेशायरचेंही शिष्टमंडळ सर विल्यम क्लेअर-लीज यांच्याबरोबर मुंबईस येऊन बसलें होतें. गिरणीमालकांचे पुढारी होमी मोदी यांनीं ऑक्टोबरांत त्यांच्याशीं वेगळा समेट करून टाकला, आणि त्यावरून देशांत पुष्कळ काहूर उठलें. इकडे शिमल्याची थंडी वाढली तशी जपानी मंडळींची बैठक दिल्लीस हलली, आणि १९३४ च्या जानेवारींत तोडगा निघाला. वाटाघाटी हिंदुस्थानांत झाल्या, माल हिंदुस्थानचा होता, पण करारावर सह्या झाल्या त्या लंडनमध्यें. परतंत्र देशाची अब्रू ती!

त्या कराराची कलमें मला मोठीं मौजेचीं वाटतात, म्हणून जरा तपशिलानें सांगतों. जपाननें वर्षाला आपल्याकडून १० लाख गांठी कापूस घ्यावा. गांठ ४०० पौंडांची. त्याच्या बदल्यांत ३२ कोटि ५० लाख वार कापड त्यानें येथें विकावें. त्याहून जास्त कापूस घेतला तर दर १०,००० गांठींमागें १५ लाख वार कापड अधिक आणावें, मात्र एकंदर ४० कोटि वारांपलीकडे जाऊं नये. म्हणजे ही मर्यादा गांठावयास १५ लाख गांठी उचलाव्या लागत. उलट १० लाखांहून कमी घेतला तर दर १०,००० गांठींमागें २० लाख वार कापड कमी व्हावयाचें. जकात ७५ वरून पुन्हां ५० वर आली. जपाननें बहिष्कार उठविला.

पाहा, काय झालें तें. पूर्वीं गांवांत लोहाराला ज्वारी देऊन विळा घेत, तसाच हा व्यवहार. फक्त एका बाजूला ओसाका आणि दुसऱ्या बाजूला अमरावती, अकोला, यवतमाळ. हिंदुस्थानच्या हातीं त्या वेळीं आरमार नव्हतें, परराष्ट्रखातें नव्हतें, स्वतःची वकिलात नव्हती. जपानसारख्या बलाढ्य राष्ट्राला शिमल्यापर्यंत यावयास लावण्यासारखें आपल्यापाशीं जें होतें, त्यांत मुख्य होती ही ऊमऱ्याची गांठ. लँकेशायरला आपला बाजार हवा होता, कापूस नको होता. जपानला दोन्ही हवें होतें, आणि म्हणूनच त्याच्याशीं घासाघीस करतां आली.

मग ज्यानें ती गांठ पिकविली त्याला काय लाभलें? गिरणीमालकाला परदेशी कापडावर मर्यादा मिळाली. जपानला कमी जकात आणि ठरलेला बाजार मिळाला. शेतकऱ्याला गिऱ्हाईक परत मिळालें, आणि तें कमी नव्हे, हें मी मान्य करतों. परंतु साऱ्या हिशेबांत गांठी मोजल्या होत्या, वार मोजले होते. कापसाच्या मणाला किती रुपये पडावे, हें त्यांत कोठेंच नव्हतें. संख्येची हमी होती, भावाची नव्हती. आजोबांना हें मीं मोठेपणीं समजावून सांगितलें, तेव्हां ते म्हणाले, "म्हणजे बैल विकला गेला, एवढीच खातरी होती म्हण." कांहीं श्रोत्यांना ही तक्रार अवास्तव वाटेल, कारण जगाचा भाव कोण कसा बांधून देणार? तें कबूल. पण गिरणीच्या कापडाचा भाव पडूं नये म्हणून मात्र जकातीची भिंत बांधतां आली होती.

१९३७ सालीं हा करार थोड्या फरकानें पुन्हां झाला. ब्रह्मदेश वेगळा निघाल्यामुळें कापडाचे आंकडे कमी केले. दरम्यान जपान चीनच्या युद्धांत गुंतत चालला होता. जुलै १९४१ मध्यें ब्रिटिश साम्राज्यांतील जपानी ठेवी गोठविल्या गेल्या, आणि अर्ध्या शतकाचा हा व्यापार थांबला. युद्धानंतर स्वतंत्र भारतानें सान फ्रान्सिस्कोच्या परिषदेस न जातां जपानशीं ९ जून १९५२ रोजीं स्वतंत्र तह केला व युद्धाची भरपाई मागण्याचा हक्क सोडून दिला. १९५८ सालीं जपाननें भारताला पहिलें येन-कर्ज दिलें. त्या पुढच्या संबंधांत पोलाद, यंत्रें आणि लोखंडाचा दगड यांचें महत्त्व वाढत गेलें. ऊमऱ्याचें नांव मागें पडलें. आजोबांनीं तर १९४२ च्या पावसाळ्यांतच अर्ध्या वावरांत ज्वारी पेरली होती.