शनिवारी रात्री काय खेळायचं?



शनिवारची रात्र. चार-सहा स्नेही घरी जमलेले असतात, जेवणं आटोपलेली असतात आणि कुणीतरी म्हणतं, "चला, काहीतरी खेळूया." आज मी बोलणार आहे ते या "काहीतरी"बद्दल. आपल्या उपनगरांत मोठ्या माणसांनी एकत्र बसून बैठे खेळ खेळायची हौस पुन्हा जागी झाली आहे, आणि मला तिचा मनापासून आनंद आहे. अंधेरीसारख्या भागात तर खास या खेळांसाठी कॅफे निघाले. ओळखीचे लोक मला विचारतात, "एखादा चांगला खेळ सांगा ना, विकत घेतो." मी त्यांना आधी दोन गोष्टी विचारते. घरी कोण कोण येणार आहे? आणि त्यातल्या प्रत्येकाला परत कुठं जायचंय?

दुसरा प्रश्न वाटतो त्याहून महत्त्वाचा आहे. बोरिवलीचा माणूस मुलुंडला आला तर लोकलनं परत जाताना त्याला दादरला गाडी बदलावी लागते. २०१४ च्या जूनमध्ये वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो सुरू झाली आणि अंधेरी-घाटकोपरचं येणंजाणं सोपं झालं, तरी तिलाही शेवटची गाडी आहेच. साडेदहा वाजले की कुणाचं तरी लक्ष घड्याळाकडे जायला लागतं. तीन तासांचा खेळ नऊ वाजता मांडला तर तो पुरा होत नाही, अर्ध्यावर मोडतो. आणि मोडलेला डाव रंगलेल्या गप्पांवरही पाणी टाकतो.

मोठ्यांनी रात्र जागवून खेळणं आपल्याला नवं नाही. वेरूळच्या एकविसाव्या लेण्यात शिवपार्वती सारीपाट मांडून बसले आहेत. कोजागरीच्या व्रतात रात्र जागवायला फासे खेळावेत असं सांगितलं आहे. दिवाळीतल्या पाडव्याचं जुनं नाव द्यूतप्रतिपदा. सापशिडी आपण पोरांच्या हवाली केली, पण तिचा मूळ अवतार, मोक्षपट, मोठ्यांसाठीच होता. परंपरा त्याचं कर्तृत्व ज्ञानेश्वरांकडे देते. त्यातल्या शिड्यांना सद्गुणांची नावं, सापांना दुर्गुणांची. कवड्या टाकायच्या, क्रोधाच्या तोंडी सापडून खाली यायचं आणि त्यावर चार शब्द बोलायचे. पट मध्ये मांडलेला असायचा आणि बोलणं त्याच्याभोवती चालायचं. मोठ्यांच्या खेळाकडून मला आजही हेच हवं असतं. माणसं एकमेकांशी बोलती राहिली पाहिजेत, आणि शेवटपर्यंत सगळी राहिली पाहिजेत.

म्हणूनच आपल्या पिढीला पहिला आठवतो तो खेळ, व्यापार, मी मोठ्यांच्या बैठकीला सुचवत नाही. शहरं विकत घ्यायची, घरं बांधायची, दुसऱ्याची सोंगटी आपल्या जागेवर आली की भाडं उकळायचं. पहिले काही फेरे मजा येते. मग एक जण कफल्लक होतो, आणि बाकीच्यांचा खेळ पुढे तासभर चालतो. तो माणूस काय करतो? फोन काढतो, नाहीतर स्वयंपाकघरात जाऊन कप विसळायला लागतो. हा दोष खेळणाऱ्यांचा नाही, तो खेळाच्या मुळातच आहे. १९०४ साली अमेरिकेत लिझी मॅगी या बाईंनी "जमीनदाराचा खेळ" या नावाने त्याचं पेटंट घेतलं. जमिनीची मालकी थोड्यांच्या हातात गेली की भाडं भरणारा कसा चिरडत जातो, हे लोकांना पटावर दिसावं असा त्यांचा हेतू होता. त्यावरूनच पुढे मोनोपॉली आली, १९३५ पासून पार्कर ब्रदर्सनी ती घरोघर पोचवली, आणि आपला व्यापार तिच्याच वळणाचा. बाईंनी जे दाखवायचं ठरवलं होतं ते हा खेळ आजही चोख दाखवतो. पण ज्या शहरात डिपॉझिट, भाडं आणि कर्जाचे हप्ते आठवडाभर छातीवर बसलेले असतात, तिथं शनिवारी रात्री तेच पुन्हा का खेळायचं?

खेळ निवडताना मी पहिली पाहते ती ही गोष्ट. हरणाऱ्याला शेवटच्या फेरीपर्यंत काही करण्यासारखं उरतं का? आणि दुसऱ्याची पाळी चालू असताना बाकीच्यांनी काय करायचं?

या दोन्ही प्रश्नांना आपल्या कॅरमचं उत्तर फार चांगलं आहे. खेळणारे चारच, पण बघणारे कितीही. नऊ काळ्या, नऊ पांढऱ्या, मध्ये राणी. पंचवीस गुणांचा गेम. राणी घेतली तर लगेच आपली एक सोंगटी घालून ती कव्हर करायची, नाहीतर ती परत मध्यावर. राणीचे गुण तीनच, पण ती पडायच्या आधीची शांतता बघा. स्ट्रायकर रेषेवर ठेवला जातो, बोट मागे येतं, आणि भोवती उभे असलेले सगळे श्वास रोखतात. कुणी हळूच म्हणतो, "कट मार, डबल नको." जोडीदार समोर बसलेला असतो, त्याला बोलता येत नाही, पण नजरेनं तो सगळं सांगतो. बोरिकची पावडर बोटांना लागलेली असते, बोर्डावर वरून दिव्याचा उजेड पडलेला असतो. उपनगरांतल्या कितीतरी मंडळांच्या खोल्यांत आणि सोसायट्यांच्या जिन्याखाली हे चित्र वर्षानुवर्षं आहे. ज्याला खेळता येत नाही तोही तिथं परका नसतो. त्याला मत असतं, आणि ते मांडायची मुभा असते.

घरी कॅरम लावायचा तर दोन अडचणी आहेत. नियमाच्या बोर्डाची खेळायची जागाच एकोणतीस इंच चौरस, वर चौकट. वन बीएचकेत तो कपाटामागे उभा राहतो, पण मांडला की दिवाणखाना भरतो. दुसरी अडचण आवाजाची. स्ट्रायकर चौकटीवर आदळल्याचा ठोका रात्री अकरा वाजता खालच्या मजल्यावर स्पष्ट ऐकू जातो, आणि खाली लहान बाळ किंवा आजारी माणूस असेल तर आपल्या हौसेचा त्यांना त्रास होतो. म्हणून कॅरम आधी लावावा, जेवणापूर्वी. बोर्ड स्टुलावर ठेवण्याआधी खाली जुनी सतरंजी दुमडून घालावी. जेवणानंतर दुसरं काही काढावं.

तुम्ही म्हणाल, हाउजी काय वाईट? गच्चीवर कोजागिरीला चाळीस माणसं जमली आहेत, मसाला दूध उकळतंय, आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांना एकाच वेळी खेळवायचंय, तेव्हा हाउजीला तोड नाही. तिकिटावर पंधरा आकडे, पुकारे नव्वदांतून. अर्ली फाइव्ह, टॉप लाइन, फुल हाउस. पण त्यात खेळणाऱ्याला ठरवण्यासारखं काहीच नसतं. सहा जणांच्या बैठकीत ती अर्ध्या तासात विझते.

आता नव्या, परदेशी खेळांकडे येते. जर्मनीत १९७९ पासून दर वर्षी उत्तम खेळाला पुरस्कार देतात आणि त्या परंपरेतून घडलेल्या बहुतेक खेळांत कुणी मध्येच बाद होत नाही. कटान घ्या. क्लाउस टॉयबर नावाच्या, दातांच्या कवळ्या बनवण्याचा व्यवसाय असलेल्या माणसानं तो १९९५ साली आणला. एका बेटावर वस्त्या वाढवायच्या, दहा गुण आधी मिळवायचे. खुबी अशी, की फासे कुणीही टाकले तरी त्या आकड्यावर ज्याची वस्ती आहे त्या प्रत्येकाला माल मिळतो. म्हणजे दुसऱ्याच्या पाळीवरही तुमचे डोळे पटावर. आणि मग सौदे सुरू होतात: "एक वीट दे, दोन मेंढ्यांची लोकर देते." "लोकर कुणाला हवीये? गहू असेल तर बोल." अबोल माणूसही यात बोलायला लागतो, कारण न बोलता त्याचा रस्ता पुढे जातच नाही. मूळ खेळ तीन-चार जणांचा, वेळ साधारण दीड तास. सहा जण असतील तर दोघांना बसवून ठेवू नका, दुसरा खेळ काढा.

सहा-आठ जणांसाठी माझा सर्वांत आवडता खेळ कोडनेम्स. व्लादा ख्वातिल यांनी तो २०१५ साली काढला. पंचवीस शब्द पाच-पाचच्या ओळींत मांडायचे. त्यातले नऊ एका गटाचे, आठ दुसऱ्याचे, सात कुणाचेच नाहीत, आणि एक घातक. तो उचलला की गट तिथंच हरतो. कोणता शब्द कुणाचा हे फक्त दोन नायकांना ठाऊक. नायकानं एकच शब्द आणि एक आकडा सांगायचा, गटानं शब्द ओळखायचे.

पण इथं एक काळजी घ्यावी लागते. पेटीतले शब्द इंग्रजी आहेत. बैठकीत कुणाची काकू असेल, नुकतीच गावाहून आलेली वहिनी असेल, तर तिला आपण पहिल्या मिनिटालाच गप्प बसवतो. यावर उपाय अगदी साधा आहे. वहीच्या पानांच्या चिठ्ठ्या कापा आणि मराठी शब्द लिहा. आपल्या भाषेत एकेका शब्दाला इतके अर्थ आहेत की हा खेळ जणू तिच्यासाठीच बेतला असावा. वर, पाट, हार, नाव, पान, कर, माळ, वारी. असाच एक डाव माझ्या डोळ्यांसमोर आहे. नायक म्हणाला, "लग्न, तीन." वर लगेच ओळखला. पाट ओळखला. मग हार की पान यावर वाद जुंपला. एकीचं म्हणणं, हाराशिवाय लग्न कसलं. मुलुंडच्या एका काकूंचं म्हणणं, लग्नात पंगतीला पान वाढतात, त्याशिवाय लोक येतात कशाला? त्या सबंध संध्याकाळी फारशा न बोललेल्या काकू दहा मिनिटं पंगतीतलं डाव्या-उजव्या बाजूचं वाढप सांगत होत्या, आणि नायक बिचारा चेहरा निर्विकार ठेवायची पराकाष्ठा करत होता. हार हाच शब्द त्यांच्या गटाचा होता. पान होतं घातक. काकूंच्या आग्रहापायी गटानं पानच उचललं, डाव गेला, आणि काकूंनी लगेच दुसरा डाव मांडायला लावला.

घाटकोपर-मुलुंडला एकाच मजल्यावर मराठी, गुजराती, तमिळ घरं असतात. तिथं शब्दांचे खेळ आडवे येतात, चित्रांचे चालतात. डिक्सिट हा फ्रान्समधला खेळ त्यासाठी उत्तम. हातातल्या चित्रांपैकी एकाबद्दल एखादं वाक्य बोलायचं, कोणत्याही भाषेत, आणि बाकीच्यांनी ते चित्र ओळखायचं. सगळ्यांनी ओळखलं तर बोलणाऱ्याला शून्य, कुणीच ओळखलं नाही तरी शून्य. काही जणांना कळेल आणि काही जणांना नाही, असं बोलावं लागतं. शेजाऱ्याच्या मनात काय चालतं हे या खेळात जितकं समजतं तितकं जिन्यातल्या भेटींत समजत नाही.

आपल्या मुंबईतही असे खेळ घडतात, याचा मला अभिमान वाटतो. झैन मेमन यांचा शासन हा राजकारणावरचा खेळ २०१९ मध्ये लोकवर्गणीतून उभा राहिला. प्रत्येक जण पुढारी. समाजासमोरचे खरे प्रश्न पत्त्यांवर येतात, उत्तर द्यावं लागतं, आणि त्या उत्तरांवरून तुम्ही कोणत्या प्रकारचे पुढारी ते ठरत जातं. खेळ उत्तम आहे. पण ज्या मित्रांत राजकारणावरून अबोला होऊन गेलाय त्यांच्यापुढे तो पहिल्याच रात्री काढू नका. आधी दोन-चार बैठका दुसऱ्या खेळांवर होऊ द्या.

या पेट्या महाग असतात, कित्येक दोन-तीन हजारांच्या घरात जातात. म्हणून गटात प्रत्येकानं वेगळा खेळ घ्यावा आणि तो फिरता ठेवावा. नियम मात्र एकानं आदल्या दिवशी वाचून ठेवलेच पाहिजेत. पाहुणे बसलेत आणि यजमान पुस्तिका चाळतोय, असं झालं की बैठक थंड पडते. पहिला डाव हिशेबात धरू नये, पत्ते उघडे ठेवून खेळावा. आणि पैसे लावू नयेत. दिवाळीच्या तीनपत्तीत नाण्यांवरून नोटांवर कधी जातो ते कळत नाही, आणि मग जो खरोखर ओढगस्तीत आहे तो हसत हसत हरतो आणि पुढच्या वेळी येत नाही.

मेट्रोवाले दोघं निघून गेले, चौघं उरले, अजून झोप नाही, तर पत्त्यांचा जोड काढा. मेंढीकोट मांडा. समोरासमोर जोडीदार, तेरा-तेरा पानं, चार दश्श्यांसाठी झुंज. चारही दश्शे एका जोडीनं ओढले तर कोट. दोन-दोन झाले तर ज्यांचे हात जास्त ते जिंकले. ज्याच्याकडे पहिल्या रंगाचं पान नसेल त्यानं हुकूम उघडायचा की आधीच बांधून ठेवायचा, हे मात्र वाटायच्या आधी ठरवून घ्या. घाटकोपरच्या घरात आणि बोरिवलीच्या घरात ते वेगळं असतं, आणि रात्री साडेअकराला त्यावरून होणारा वाद खालच्या मजल्यापर्यंत ऐकू जातो.