तलवारबहाद्दर नट आणि त्याचे साथीदार



कामगार चळवळीतल्या माणसांनी सिनेनटाविषयी बोलावे, याचे आपणांस नवल वाटेल. पण अंग झिजवून पोट भरणारा तो कामगार, अशीच आमची व्याख्या आहे. आणि तलवारबाजीच्या चित्रपटांतला नट त्या व्याख्येत पुरता बसतो.

आपल्या कोल्हापूरची मर्दानी खेळांची परंपरा जुनी. लाठी आणि दांडपट्टा इथल्या तालमींनी जपला. याच कोल्हापुरात, बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत, मास्टर विठ्ठल संकलनाचे काम करीत आणि अधूनमधून किरकोळ भूमिका करीत. १९२४ च्या 'कल्याण खजिना'त ते चक्क नर्तकी झाले. १९२६ च्या 'रतन मंजरी'ने ते मुंबईत शारदा कंपनीचे नायक बनले. मूकपटात तलवारच बोलत असे. नटाच्या जिभेला काम नव्हते.

मग १४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' झळकला. पहिल्या भारतीय बोलपटाचे नायक विठ्ठलच. पण उर्दू संवाद त्यांना पेलेनात. त्या सुमारास कराराच्या भंगाबद्दल शारदा कंपनीने त्यांना कोर्टात खेचले, तेव्हा त्यांच्या बाजूने बॅरिस्टर जिना उभे राहिले. पुढे ते मराठी ऐतिहासिक बोलपटांत आले, हळूहळू दुय्यम भूमिकांवर उतरले, आणि १९६९ साली वारले.

नायक दुय्यम झाला, याचे दुःख आम्ही करीत नाही. दुय्यम काम हे काम नव्हे काय? वार झेलणारा नेमक्या क्षणी मागे सरला नाही, तर नायकाचा वार खोटा दिसतो, किंवा खरोखरच लागतो. पडणाऱ्याच्या कसबावरच मारणाऱ्याचे शौर्य उभे असते.

आमचा प्रश्न वेगळाच आहे. नायकाला जिना मिळाले. घोड्यावरून पडणाऱ्याला कोण मिळाले? संसदेने १९८१ साली चित्रपट कामगारांसाठी कायदा करून लेखी करार आवश्यक ठरवला. 'आलम आरा'नंतर पन्नास वर्षांनी! आणि कायदा कागदावर आला, तरी तो कामावर आणायला संघटनाच लागते.

वारणेकाठच्या श्रोत्यांना हे सांगायला नको. साखरेचे पोते सर्वांना दिसते. फडातला कोयता दिसत नाही. तेव्हा यापुढे पडद्यावर लढाई पाहाल, तेव्हा जिंकणाऱ्यासाठी टाळी जरूर वाजवा. पण पडणाऱ्याचे नाव काय, त्याला मजुरी किती, आणि हाड मोडले तर घर कोण चालवते, एवढे विचारायला विसरू नका.